पिवळ्या धुळीची परी

चूक धोंडाजी आबांची होती. थंडीची नव्हती, बर्फाची नव्हती, डोंगराची तर मुळीच नव्हती. गावातली मोठी माणसं अजूनही सांगतात की ते दिवसच वाईट होते. दिवस चांगले होते. ऊन वेळेवर पडायचं, झरे वाजत वाजत उतरायचे, पाखरं आपली गाणी विसरली नव्हती. चूक आबांची होती, आणि आबांसमोर तोंड उघडायची ज्यांची छाती झाली नाही त्या सगळ्या मोठ्या माणसांची होती. हे आधी सांगून टाकलं. आता गोष्ट ऐका.

उत्तरेकडे, जिथले डोंगर डोक्यावरची पांढरी टोपी उन्हाळ्यातही काढत नाहीत, तिथे सुईरान नावाचं एक चिमुकलं गाव होतं. गावाभोवती चिलगोज्याची झाडं. पानं म्हणावीत तर पानं नाहीत, नुसत्या हिरव्या सुया. ऊन पडलं की सुई न् सुई चांदीची व्हायची. वारा आला की सगळं रान हळूच शूऽऽ म्हणायचं, जवळपास कुणाचं तरी बाळ झोपलं असल्यासारखं. झाडांच्या शेंड्याकडे बोंडं लागायची, खवल्याखवल्यांची, डिंकाने चिकट, मुठीपेक्षा मोठी. शाळेच्या पुस्तकात त्यांना शंकू म्हणतात. खवल्यांच्या आत चिलगोजे असायचे, लांबट, तपकिरी, गोड. सुईरानात शेत नव्हतं. लोक चिलगोजेच दळायचे. त्याचीच भाकरी, त्याचीच पेज, आणि सणाला त्याचाच लाडू. बोंड भरलं तर पोट भरलं.

त्याच झाडांना खालच्या फांद्यांवर, अगदी पोरांच्या हाताला येतील अशा, वसंतात आणखी एक गंमत लागायची. इवल्या इवल्या पिवळ्या लोंब्या. करंगळीच्या पेराएवढ्या, एकेका डहाळीला पन्नास पन्नास. चार दिवस त्या वाऱ्याबरोबर सोनेरी धूळ उडवायच्या आणि मग वाळून गळून जायच्या. धूळ सगळीकडे बसायची. हंड्यातल्या पाण्यावर पिवळी साय, मांजराच्या मिशा पिवळ्या, धोंडाजी आबांचं पांढरंशुभ्र पागोटं पिवळं.

आबा गावचे मुखिया. कोठाराची किल्ली त्यांच्या कमरेला. एका वसंतात पागोटं झटकता झटकता त्यांच्या डोक्यात एक विचार आला. त्यांनी गाव गोळा केलं आणि विचारलं, ह्या लोंबीचं बोंड झालेलं कुणी पाहिलंय का? कुणीच पाहिलं नव्हतं. मग ही लोंबी ऐतखाऊ, आबा म्हणाले. झाडाचा रस पिते आणि देत काहीच नाही. खुडून टाका सगळ्या, रस बोंडांना जाईल.

सगळ्यांनी माना डोलावल्या. मोठी माणसं माना डोलवण्यात पटाईत असतात. त्यांतल्या एकानेही झाडावर चढून बोंडात डोकावून पाहिलं नाही.

तेव्हापासून दर वसंतात लोंब्यांची खुडणी सुरू झाली. लोंब्या फुटायच्या आत सगळ्या गावाने टोपल्या घेऊन निघायचं, ढोल वाजवायचा, फांदी न् फांदी पुसून काढायची. मग चावडीपुढे ढीग रचून पेटवायचा. ती पिवळी धूळ अशी काही भुस्सकन पेटायची की ज्वाळेतून सोन्याच्या ठिणग्या उडायच्या. पोरं टाळ्या पिटायची. टोपल्या पाहून आबा हिवाळ्याचा वाटा ठरवायचे.

आणि पहिल्याच वर्षी, काय सांगू, बोंडं अशी टच्च भरलेली निघाली की लोकांनी आबांना नवं पागोटं बांधलं.

दुसऱ्या वर्षी बहुतेक बोंडं अंगठ्याएवढी असतानाच गळून पडली. जी राहिली त्यांतले चिलगोजे फोडले तर आत हवा. सुंदर तपकिरी कवच, आणि आत काही नाही.

आबा म्हणाले, खुडणी कमी पडली. पोरं कामचुकार आहेत. अर्ध्या लोंब्या फांद्यांवरच ठेवून हुंदडतात. पुढच्या वर्षी त्यांनी दोनदा खुडणी केली. त्याच्या पुढच्या वर्षी पोरांच्या पाठीवर काठी घेऊन केली. आबा वाईट नव्हते, असं गावात अजून म्हणतात. स्वतः सत्तरीचे असताना पहाटेपासून फांद्यांशी झटायचे, हे खरं आहे. वाईट असते तर परवडलं असतं. वाईट माणसाला कुणीतरी कधीतरी अडवतं.

कोठारातला जुना साठा दरवर्षी खाली खाली जात होता. सुईरानात म्हाताऱ्यांची पंगत आधी बसायची रीत होती. त्यांचं झालं की बापे, मग बाया, आणि मग टोपाच्या तळाला जे खरवडून निघेल ते पोरांचं. टोप भरलेला होता तेव्हा ह्या रितीने काही बिघडत नव्हतं. टोप रिकामा व्हायला लागला तेव्हाही कुणाला ती बदलावीशी वाटली नाही. आबांची सून आपल्या वाट्याचं लेकाला भरवायची. पाचव्या हिवाळ्यात ती गेली. आबांनी ताप आला असं सांगितलं. तापाने माणूस गरम होतं. ती थंड पडत पडत गेली होती.

तिचा लेक इस्रू. वय पाच. हातपाय काडीसारखे आणि डोळे मात्र एवढे मोठे मोठे, तळ्यासारखे. बाप खालच्या मुलखात कामाला गेला तो परतलाच नव्हता. इस्रूला सांभाळायला आबांनी एक पोरगी ठेवली. तिचं नाव वेणू.

वेणू नऊ वर्षांची. दरीच्या पलीकडे, मावळतीच्या अंगाला, एकटी एक झोपडी होती, तिथे ती आणि तिचा बाप म्हादू राहायचे. आई नव्हती. म्हादू टोपल्या विणायचा, आणि कुणी मोठ्याने बोललं की आपसूक वाकायचा. त्यांच्या दारात एकच झाड होतं. समोर, दरीच्या अलीकडच्या काठावर, आबांचं झाड होतं, गावातलं सगळ्यात मोठं. वसंतातला वारा वेणूच्या झाडाला हलवून दरी ओलांडायचा तो थेट आबांच्या झाडावर. त्याच्यामागे उंच काळा कडा, आणि कड्याच्या आडोशाला बाकीचं गाव.

वेणू रोज दरी उतरून, चढून यायची आणि इस्रूला पाठीवर घेऊन फिरायची. तो तिच्या मानेशी तोंड घालून विचारायचा, "वेणूताय, भरलेला चिलगोजा कसा लागतो गं?" त्याला आठवतच नव्हतं. ती सांगायची, लोण्यासारखा. मग तो रिकामं कवच दाताखाली धरून लोणी लोणी म्हणत चोखत राहायचा.

सहाव्या वसंतात खुडणीचा दिवस उजाडला. आभाळ निळंभोर, दरीतून ढोलाचा आवाज येत होता. वेणू टोपली घेऊन आपल्या झाडाखाली उभी राहिली आणि तिने पहिली लोंबी खुडायला हात घातला. लोंबी पिकलेली होती. भस्सकन धूळ उडाली, वेणूच्या नाकात गेली आणि ती जोरात शिंकली.

धुळीचा तो ढगुला खाली बसलाच नाही. हवेतच गोल गोल फिरला, चमचमला, आणि त्याची एक परी झाली. अंगठ्याएवढी. केशरी झगा, पारदर्शक पंख, केसांत डिंकाचे मधाच्या रंगाचे थेंब. पण झगा ठिकठिकाणी विरला होता आणि एक पंख फाटका होता.

"तेवढी एक राहू दे गं," परी म्हणाली. "मी त्याच लोंबीत राहते."

वेणू घाबरली नाही. इतकं लहान काही तिला कधी घाबरवू शकलं नव्हतं. तिला भीती मोठ्यांची वाटायची. तिने विचारलं, तू एकटीच आहेस का? परी म्हणाली, पूर्वी आम्ही ढगच्या ढग होतो. सगळं रान सोनेरी व्हायचं. मग ढोल वाजायला लागले. आता मी तेवढी उरले.

मग परीने वेणूचं बोट धरलं आणि तिला झाडावर चढवलं, वर, अजून वर, शेंड्याजवळ. तिथे अगदी कोवळी बोंडं होती, बोराएवढी, गुलाबी जांभळी, छोटे छोटे खवले उघडून बसलेली. परी म्हणाली, बघ आत. वेणूने एक डोळा मिटून पाहिलं. प्रत्येक खवल्यावर दोन दोन बिया, मोहरीहून बारीक, उघड्या, अंगावर पांघरूण नसलेल्या. आणि प्रत्येक बीच्या टोकाशी एक इवलासा चिकट थेंब, दवासारखा लुकलुकणारा.

"ही बोंडं आई आहेत," परी म्हणाली, "आणि खालच्या लोंब्या बाबा. लोंबीची धूळ वाऱ्यावर बसून येते आणि ह्या थेंबात अडकते. थेंब तिला आत ओढून घेतो. मग बोंड आपली सगळी दारं लावून घेतं."

"आणि लगेच चिलगोजा होतो?"

"नाही गं. धूळ आत झोपून राहते. एक अख्खा हिवाळा जातो. बोंड त्याच्या पुढच्या वर्षी मोठं होतं, बी भरते, आणि शरद आला की दारं उघडतात. ह्या वसंतात जे झालं ते पुढच्या वर्षीच्या शरदात दिसतं. झाडाला घाई नाही."

वेणूला सगळं लख्ख दिसलं. पहिल्या वर्षी बोंडं भरलेली निघाली ती आदल्या वसंतातल्या धुळीमुळे. आबांनी लोंब्या खुडल्या त्याच्याही आधीच्या. आबांना नवं पागोटं मिळालं ते परीच्या कामाचं होतं.

खाली उतरल्यावर परी तिच्या तळहातावर बसली. ती म्हणाली, तू मला ठेवलंस तर तुझी एक इच्छा मी पुरी करीन. पण तीन अटी आहेत. इच्छा स्वतःच्या घरासाठी मागायची नाही. एका झाडाची धूळ त्याच झाडाच्या बोंडावर पडली तर बी पोची निघते. इच्छेचंही तसंच आहे, ती दुसऱ्याच्या दारात फळते. दुसरी अट, इच्छा बोंडाच्या चालीने पिकेल, पुढच्या वर्षीच्या शरदात, एक दिवस आधी नाही. आणि तिसरी, तोवर ह्या झाडाच्या लोंबीला तू हात लावायचा नाहीस, कुणी काहीही म्हटलं तरी.

वेणूला भूक लागली होती. तिला आदल्या दिवसापासून भूक लागली होती. तिच्या बापालाही. तिने झोपडीकडे पाहिलं, मग दरीच्या पलीकडे पाहिलं. आबांच्या अंगणात इस्रू उन्हाला बसला होता. इथून तो पाखराएवढा दिसत होता.

"इस्रूचं पोट भरू दे," ती म्हणाली.

परीने तिच्या बोटाला डोकं टेकवलं. "तो तोवर राहील का, हे मला माहीत नाही हं. तेवढं माझ्या हातात नाही."

"मी ठेवीन त्याला," वेणू म्हणाली.

त्या दिवशी तिने चावडीपुढे रिकामी टोपली ठेवली. लोक हसले. आबांनी विचारलं, झाडाला लोंब्या आल्याच नाहीत की काय? ती म्हणाली, आल्या, पण खुडल्या नाहीत. आबांनी तिच्याकडे पाहिलं आणि ते लोकांकडे वळून म्हणाले, घ्या, आता पोरगीही ऐतखाऊ निघाली. म्हादूचा हिवाळ्याचा वाटा त्यांनी अर्धा केला. म्हादू वाकून उभा होता. तो आणखी वाकला.

दुसऱ्या दिवशी दरीपलीकडच्या एका झाडाने सोनं उधळलं. वारा ती धूळ घेऊन दरीवरून गेला, पिवळी झगमगती ओढणी, आणि ती आबांच्या झाडावर अलगद पसरली. आबांनी पागोटं झटकलं आणि शिव्या दिल्या. त्यांच्याच झाडावरचे हजारो थेंब तेव्हा लुकलुकत होते.

मग हिवाळा आला. त्या हिवाळ्याबद्दल परीकथेत सांगू नये, असं मोठी माणसं म्हणतील. त्यांनी तो हिवाळा आणला होता, त्यामुळे त्यांचं ऐकायचं कारण नाही. बर्फ दारापर्यंत आलं. लोक झाडाची आतली साल उकडून खात होते. कड्याखालच्या तीन घरांतली तीन पोरं गेली. वेणू रोज बर्फातून दरी ओलांडायची, पायांना गोणपाट गुंडाळून. आपल्या अर्ध्या भाकरीची अर्धी ती बगलेत ऊब देऊन आणायची आणि म्हाताऱ्यांची पंगत उठेपर्यंत ताटकळणाऱ्या इस्रूला कोपऱ्यात नेऊन भरवायची. आबांना दिसायचं. त्यांना वाटायचं, पोरगी कामात चोख आहे.

इस्रू विचारायचा, "तू जेवलीस?"

"बोंडभर," ती म्हणायची. रिकामं बोंडही बोंडच असतं, हे त्याला तेव्हा कळायचं नाही.

कधी कधी ती झाडाच्या सालीतल्या फटीशी कान लावायची. परी आत झोपलेली असायची, डिंकाचं पांघरूण घेऊन. वेणूला वाटायचं, उठवावं आणि म्हणावं, लवकर कर. पण बोंड किती हळू चालतं हे तिने पाहिलं होतं. उठवून काही होणार नव्हतं. तिने खूप वेळा रडून पाहिलं, त्यानेही शरद जवळ आला नाही.

वसंत आला. इस्रू होता. उभं राहताना भिंत धरायचा, पण होता. आणि आबांच्या झाडावर गेल्या वर्षीची बोंडं गळली नव्हती. हिरवीगार, फुगलेली, डिंकाने चमकणारी. आबांनी ती सगळ्या गावाला दाखवली. बघा, म्हणाले, सहा वर्षं नेट लावून खुडणी केली त्याचं फळ. आणि ह्या वर्षी एकही लोंबी राहता कामा नये. मग त्यांनी दरीपलीकडे बोट दाखवलं.

सगळं गाव वेणूच्या दारात आलं. झाडाच्या खालच्या फांद्या पिवळ्या लोंब्यांनी वाकल्या होत्या. अजून दोन दिवसांत फुटल्या असत्या. आबा म्हणाले, खूड.

वेणू झाडाला पाठ लावून उभी राहिली आणि तिने सगळं सांगितलं. थेंब, धूळ, झोपलेला हिवाळा, पहिल्या वर्षीचं पागोटं. एवढं ती आयुष्यात कधी बोलली नव्हती.

"हे तुला कुणी शिकवलं?" आबांनी विचारलं.

"परीनं."

लोक हसले. एक जण म्हणाला, परीला म्हणावं, आमच्याकडेही ये, दोन पायली दळून दे. आबा हसले नाहीत. ते म्हणाले, "पोरी, माझे सत्तर पावसाळे गेलेत. तुझे दहा. त्यातले चार पाळण्यात."

"आबा, तुम्ही एकदा बोंडात बघा तरी," वेणू म्हणाली. "शिडी मी धरते."

आबा शिडीवर चढले नाहीत. त्यांनी कुऱ्हाड मागवली आणि ती म्हादूच्या हातात दिली. गावात राहायचं असेल तर तूच पाड, म्हणाले.

म्हादू लेकीकडे बघू शकला नाही. "वेणे, बाजूला हो," एवढंच म्हणाला. "आपल्याला इथंच राहायचंय गं." त्याने पहिला घाव घातला तेव्हा बुंध्यातून मधाच्या रंगाचा डिंक वाहायला लागला. झाड दुपारपर्यंत टिकलं. पडलं तेव्हा सगळ्या रानाने एकदम श्वास घेतल्यासारखा आवाज झाला. ढोल वाजवणाऱ्याने त्या दिवशी ढोल वाजवला नाही, पण थांबा असंही तो म्हणाला नाही. लोंब्या तिथेच जाळल्या. ठिणग्या उडाल्या. पोरांनी टाळ्या वाजवल्या नाहीत.

वेणूने खोडाच्या सगळ्या फटी चाचपल्या. परी कुठेच नव्हती. शेवटी संध्याकाळच्या तिरप्या उन्हात, बुंध्याच्या एका खाचेत, तिला एक केशरी ठिपका दिसला, अगदी फिकट. "मी लोंबीला हात लावला नाही," वेणू म्हणाली. "मी नाही लावला." ठिपका एकदा लुकलुकला. बस, तेवढंच.

त्यानंतरचे महिने वेणू कुणाशी बोलली नाही. इस्रूला पाठीवर घ्यायची, भरवायची, पोचवायची. तो तिच्या मानेशी तोंड घालून झोपायचा. त्याचं वजन दर आठवड्याला कमी लागायचं. पावसाळ्याच्या शेवटी तो पाठीवर आहे की नाही हे बघायला तिला मागे हात न्यावा लागायचा.

आणि मग शरद आला. आभाळ धुतल्यासारखं झालं, कडा उन्हाने तांबूस झाला, आणि आबांच्या झाडावरची बोंडं एकेक करून तटतट दारं उघडायला लागली.

सगळं गाव अंगणात जमलं. बोंडं उतरवली. दरीकडच्या फांद्यांवरची एका ढिगात पडली, कड्याकडच्या फांद्यांवरची, जी थोडीच होती, दुसऱ्या ढिगात. मधोमध आबांनी इस्रूला बसवलं आणि पहिला चिलगोजा त्याच्या हातात दिला. इस्रूने तो दाताखाली धरला. कट्. त्याचे मोठे मोठे डोळे आणखी मोठे झाले. त्याने दुसरा घेतला, तिसरा घेतला, दहावा घेतला. त्याच्या हनुवटीवरून दूध ओघळावं तसा पांढरा रस ओघळला. वेणू अंगणाच्या कडेला उभी राहून बघत होती.

आबांनी पागोटं सारखं केलं. म्हणाले, बघितलंत? खुडणीचा गुण.

इस्रूचा हात तोवर दुसऱ्या ढिगाकडे गेला होता. कट्. त्याने थुंकलं. आणखी एक. थुंकलं. मग तो पहिल्या ढिगाकडे वळला, कट्, आणि गिळला. असं त्याने चारपाच वेळा केलं.

"ह्या बाजूची भरलीयत," इस्रू म्हणाला. त्याने दरीकडे बोट दाखवलं. "वेणूतायच्या बाजूची. कड्याकडची पोचीच आहेत, आबा."

एका बाईने पुढे होऊन फोडून पाहिलं. मग दुसरीने. मग सगळ्यांनी. कट् कट् कट् आवाज अंगणभर झाला. दरीकडची भरलेली, कड्याकडची रिकामी. एकच झाड, एकच रस, एकच खुडणी. फरक एवढाच होता की एका बाजूला गेल्या वर्षी दरीवरून पिवळी धूळ आली होती. लोकांनी पलीकडे पाहिलं. तिथे आता नुसता बुंधा होता.

आबांच्या हातात एक रिकामं कवच होतं, ते त्यांना टाकताही येईना.

इस्रू उठला. त्याने सदऱ्याच्या ओच्यात मूठभर भरलेले चिलगोजे घेतले आणि भिंतही न धरता चालायला लागला. दरी उतरला, चढला. वेणू त्याच्यामागे धावली. बुंध्याशी पोचल्यावर तो धापा टाकत बसला, आणि त्याला खाचेतला केशरी ठिपका दिसला. लहान पोरांना असल्या गोष्टी पटकन दिसतात.

परी बाहेर आली. आता ती मुंगीएवढी होती, आणि तिच्यातून पलीकडचं दिसत होतं. "इस्रू," ती म्हणाली, "तुझीही एक इच्छा आहे हं. पण तुझ्या घरासाठी नको."

इस्रूने वेळ लावला नाही. "वेणूतायच्या दारात झाड दे."

"हळूहळू मिळेल. चालेल?"

"चालेल. पण खूप दे."

परी हसली. तिने त्या दोघांना बुंध्याभोवतीच्या मातीत बोटाएवढे खड्डे करायला सांगितलं. इस्रूचं पोट तेव्हा कुठे एकदाच भरलं होतं, तरी त्याने ओच्यातला एकही चिलगोजा तोंडात टाकला नाही. अकरा होते. अकराही त्याने मातीत ठेवले. प्रत्येकाची आई आबांचं झाड होती आणि बाबा वेणूचं. वेणूने माती सारली. परी त्या खड्ड्यांवरून एकदा गोल फिरली, आणि फिरता फिरता तिचा झगा उजळला, पंख उजळले, तिचा नुसता उजेडच झाला, आधी केशरी, मग सोनेरी, मग इतका पांढरा की दोघांनी डोळे मिटले. उघडले तेव्हा हवेत पिवळी धूळ तरंगत होती, शरदातही, आणि वेणूच्या अंगावर, केसांत, पापण्यांवर ती चमचमत खाली बसत होती.

पुढच्या वसंतात बुंध्याभोवती अकरा हिरव्या पिटुकल्या छत्र्या उगवल्या. गावाने खुडणी बंद केली. कड्याखालच्या झाडांनी एकमेकांवर धूळ उधळली, आणि त्याच्या पुढच्या वर्षीच्या शरदात तिथली बोंडं भरली. म्हाताऱ्यांची पंगत सगळ्यांच्या शेवटी बसायला लागली. तोवरच्या दोन्ही हिवाळ्यांत जो तो आपल्या वाट्यातला एकेक घास म्हादूच्या दारात ठेवून जायचा, मान खाली घालून. मोठ्या माणसांना माफी मागायला येत नाही, जेवण ठेवता येतं. वेणू ते घ्यायची. तिलाही भूक होती.

आबांच्या झाडाला मात्र वारा दरीकडूनच यायचा, आणि दरीपलीकडे आता धूळ उधळणारं कुणी नव्हतं. ज्या दिवशी अकरा चिलगोजे मातीत गेले, त्या संध्याकाळी इस्रूने आपलं ताट उचललं आणि तो वेणूच्या घरी जेवायला गेला. आबांनी त्याला बोलवायला माणसं पाठवली. मग स्वतः दरीच्या काठापर्यंत आले आणि हाका मारल्या. तो पलीकडून ऐकत राहिला, पण परत आला नाही.

वेणूच्या दारातल्या अकरा झाडांना पहिल्या पिवळ्या लोंब्या आल्या त्या वीस वर्षांनी. धोंडाजी आबा त्या संध्याकाळनंतर एकोणीस वर्षं जगले. त्यांच्या झाडाला त्या एकोणीस वर्षांत एकही भरलेला चिलगोजा लागला नाही, आणि एकोणीस वर्षं ते एकटे जेवले.